म्हैस, अध्यक्षा आणि एफ ४०.२१८

बेळगुंदीच्या दूध सोसायटीच्या अध्यक्षा जयाबाई मंगळवारी सकाळी कट्ट्यावरून मागच्या मागे उडी मारून पडल्या आणि त्यांचं डावं मनगट मोडलं. समोर त्यांचीच म्हैस होती. तिनं काही केलं नव्हतं. फक्त मान वळवून पाहिलं होतं.

पंधरा वर्षं सोसायटी चालवणाऱ्या जयाबाईंना म्हशीची भीती वाटते, हे त्यांचा नवरा शामू सोडून गावात कुणालाच माहीत नव्हतं. धारा शामू काढायचा. जयाबाई गोठ्यापासून वीस पावलांवर उभ्या राहून सूचना द्यायच्या, आणि लोकांना तो अध्यक्षांचा रुबाब वाटायचा.

बेळगावच्या दवाखान्यात डॉक्टरांनी खोदून विचारलं, तेव्हा इंजेक्शनच्या गुंगीत त्यांनी खरं सांगून टाकलं. त्यांची अनगोळची भाची ऋतिका त्याच दवाखान्यात विम्यासाठी आजारांना कोड नंबर लावायच्या कामावर होती. तिनं काढलेल्या कागदावर दोन कोड होते. एक मनगटाचा.

"आनि ह्यो दुसरा कसला गं?"

"एफ ४०.२१८. प्राण्याची भीती."

"खोड ते."

"आत्ती, डॉक्टरांनी लिवलंय, मला न्हाय खोडता येत. आनि म्हशीचं नाव कुठं हाय त्यात? नुसतं 'इतर प्राणी' हाय."

जयाबाई पलंगावर उठून बसल्या. "इतर? मग इतर नसल्यालं कोण हाय?"

"जाळं विणतोय तो कोळी. त्याला सवता कोड हाय, २१०."

"भिंतीवरच्या कोळ्याला सवता नंबर, आनि दोन वेळा दूध देणारं जनावर इतर? कुणी केलंय हे?"

"भाईरच्या देशात केलंय, आत्ती."

"तरीच! त्यास्नी कधी म्हशीनं बघितल्यालं न्हाय."

दवाखान्याच्या खर्चाचा विमा सोसायटीमार्फत काढलेला होता. सभासदांच्या कागदांवर अध्यक्षांची सही लागायची, आणि खुद्द अध्यक्षांच्याच कागदावर उपाध्यक्षांची. उपाध्यक्ष नागेंद्रचा पाच वर्षांपासून अध्यक्षांच्या खुर्चीवर डोळा होता. त्यानं सही करायच्या आधी दुसरा कोड मोबाइलमध्ये घालून त्याचा अर्थ शोधला, आणि संध्याकाळच्या दूध संकलनाला सगळ्या रांगेला तो तोंडपाठ झाला.

"म्हशीला भिणारी बाई सोसायटी चालवतीया," नागेंद्र कॅनवर कोपर टेकून म्हणाला. "उद्या वकील कोर्टाला भ्यायला लागंल."

अध्यक्षपदाच्या निवडणुकीचे अर्ज भरायची मुदत शुक्रवारी दुपारी तीनपर्यंत होती. गुरुवारी ऋतिकाचा फोन आला. "आत्ती, डॉक्टर तयार झालेत. 'पाय घसरून पडल्या' एवढंच लिहून देतो म्हणालेत."

"घे की गं," शामू म्हणाला. "चार दिसांत इसरतील लोक."

"न्हाय," जयाबाई म्हणाल्या. "राहू दे कागद हाय तसा. पंधरा वर्सं फॅट मी मोजते, पाणी घातल्यालं मी धरते. त्याला म्हशीचं तोंड बघाय लागतंय व्हय? भिते मी. भीतच राहणार. आनि अध्यक्ष बी राहणार."

त्याच रात्री त्यांनी सोसायटीच्या फळ्यावर उजव्या हातानं लिहिलं: 'अध्यक्षांना म्हशीची भीती वाटते. सभासदांची वाटत नाही.' खाली तेच कन्नडमध्ये, म्हणजे कुणी राहून जायला नको.

शुक्रवारी बारा वाजता नागेंद्रनं आपली म्हैस सोसायटीच्या दारात आडवी बांधली.

"दुधाच्या दारात म्हस. कुठला नियम मोडला?" तो म्हणाला.

अडीच वाजता जयाबाई आल्या आणि वीस पावलांवर थांबल्या. गळ्यात प्लास्टरचा हात, दुसऱ्या हातात अर्ज.

"आक्का, या की आत!" नागेंद्र म्हणाला.

"मी न्हाय येत." त्यांनी आत बसलेल्या निवडणूक अधिकाऱ्यांना हाक मारली. "साहेब, तुमीच भाईर या! आजारी हाय मी, डॉक्टरचा कागद हाय!"

निवडणूक अधिकारी यशपाल निपाणीहून सकाळी लवकरच येऊन बसले होते. ते दारापर्यंत आले. म्हशीनं मान वळवून पाहिलं. यशपाल आत गेले, दार लागलं, कडी वाजली, आणि थोड्या वेळानं खिडकी बोटभर उघडली.

"आधी जनावर हलवा. तोवर कुणाचाच अर्ज घेतला जाणार नाही."

आता नागेंद्रचा चेहरा उतरला. त्याचाही अर्ज खिशातच होता; दोन पन्नासचा मुहूर्त काढला होता. त्यानं घाईघाईनं दावं सोडून हाताला गुंडाळलं. पण अडीच तास उन्हात उभी राहिलेली म्हैस सुटली ती तळ्याच्या दिशेनं. दावं हाताला पक्कं गुंडाळलेलं असल्यामुळं नागेंद्रही गेला.

"आवो, थांबवा की तिला!" तो वळणावरून ओरडला.

"मला भ्या वाटतंय रं," जयाबाईंनी खणखणीत आवाजात उत्तर दिलं, आणि सावकाश पायऱ्या चढल्या.

दोन छप्पन्नला अर्ज दाखल झाला. तीन वाजता यशपालांनी घड्याळ पाहिलं, रस्ता पाहिला, आणि जयाबाई बिनविरोध निवडून आल्याचं जाहीर केलं. टाळ्या वाजवून लोक तळ्याकडे नागेंद्रला बघायला पळाले.

ऑफिसात दोघंच उरल्यावर यशपालांनी फाइल बंद केली आणि आवाज खाली आणला.

"मॅडम, तो कोड... सरकारी नोकराला मिळतो का? पुढच्या महिन्यात मला अशाच अकरा सोसायट्या दिल्यात."

जयाबाईंनी त्यांच्याकडे नीट पाहिलं. मग अध्यक्षांची खुर्ची त्यांच्यापुढं सरकवली.

"बसा साहेब," त्या म्हणाल्या. "कधीपास्नं हाय?"