थांबाखेडीचे मनोहरभाऊ

वर्षातून एका रविवारी मनोहरभाऊ सकाळी स्टुलावर चढत, घरातल्या सगळ्या घड्याळांचे सेल काढत आणि पिठाच्या डब्यात पुरून ठेवत. मग पिशवी घेऊन आमच्या फाटकाशी येत.

"नामदेवा, तुह्या घड्याळीचे सेल दे. आज वेळ चालत नाई."

हुडकेश्वरला आमची घरं भिंतीला भिंत लागून. माझी कळमन्याच्या बाजारात संत्र्याची अडत, म्हणजे शेतकऱ्यांचा माल विकून देण्याचा धंदा. नरखेडहून रिकाम्या हातानं आलो, पाठीवर पेट्या वाहिल्या, मग स्वतःच्या दुकानाच्या गादीवर बसलो. संत्रं कुणासाठी थांबत नाही. सकाळी टणक असलेलं फळ दुपारी मऊ पडतं आणि त्याच्याबरोबर भावही. अशा माणसाच्या घड्याळाचे सेल काढून न्यायचे म्हणजे काय! मी ओरडायचो. बायको गुपचूप सेल काढून द्यायची.

भाऊ एस.टी. स्टँडवर कंट्रोलर होते. जन्मभर भोंग्यावरून गाड्यांच्या वेळा पुकारल्या आणि रिटायर झाल्यावर वेळेशी संबंधच तोडले. कुणी लगबगीत दिसला की म्हणत, "घाई कोनाच्या बापाची गा?" एकदा माझा मालाचा ट्रक गल्लीच्या तोंडाशी अडकला. मी ड्रायव्हरला शिव्या देतोय, आणि भाऊ दुसऱ्या बाजूनं त्याला हेच विचारतायत. त्या गाढवानं इंजिन बंद केलं आणि तंबाखू मळायला घेतली.

ही थांबायची भानगड मूळची माझ्या पोरीची, मीनूची. भाऊंची बायको लग्नानंतर लवकरच गेली, मूलबाळ नाही. मीनू पहिलीत असताना कुंपणाच्या भिंतीवर बसून या दोघांनी एक खोटंखोटं गाव वसवलं. थांबाखेडी. नरखेडच्या पुढं, जिथं एस.टी. वळते पण रस्ता वळत नाही. तुळशीच्या लग्नानंतरच्या पहिल्या रविवारी तिथं थांबासण असतो. त्या दिवशी विहिरीतली बादली अर्ध्यात लटकते, शिंक नाकात राहते, तव्यावर फुगलेली पोळी फुगलेलीच राहते.

"अन् भाव करनाऱ्याचं तोंड उघडं ते उघडंच," भाऊ सांगत. "तुह्या बाबासारखं."

"मोठेबाबा, माशी जाईन ना त्याच्यात!" मीनू खिदळायची.

सणाचा नियम एकच. त्या दिवशी जो जिथं असेल, तो कायमचा तिथला. म्हणून त्या रविवारी मीनूनं घर सोडायचं नाही. मग शाळेची सहल असो की मामाचं बोलावणं. पोर मोठी झाली, पुण्याला शिकायला गेली, तरी त्या रविवारसाठी रेल्वेत रात्रभर उभी राहून आली. मी म्हणालो, डोकं फिरलंय दोघांचं.

मग तिचं लग्न ठरलं. रायपूरचं स्थळ. हॉलवाल्याशी सकाळभर भांडून मी सगळ्यांना हवा असलेला रविवार काढला, वर मांडवाचा खर्च त्याच्याच गळ्यात मारला. खुशीत घरी आलो, तर भाऊ फाटकाशी उभे.

"नामदेवा, तारीख बदल."

"काहून?"

"थांबासण हाय त्या दिवशी."

आधी मला हसू आलं. मग त्यांचा चेहरा पाहिला आणि डोकं सणकलं. "भाऊ, तुमच्या खोट्या गावापायी मी खरं लग्न हलवू? लोक तोंडात शेण घालतील!"

"शनवारी कर. सोमवारी कर. हात जोडतो गा."

"हॉल काय तुमचा बाप देईल?"

ते गेले. लग्नालाही आले नाहीत. पाठवणी झाल्यावर मीनूनं गाडी मुद्दाम आमच्या गल्लीत वळवायला लावली; मीही मागोमाग आलो. भाऊंचं दार आतून बंद. "मोठेबाबा, मी चालली," तिनं दोनदा हाक मारली. आत चप्पल वाजल्याचं मी माझ्या कानांनी ऐकलं. दार उघडलं नाही. लग्नाच्या शालूतल्या माझ्या पोरीनं बंद दाराला नमस्कार केला.

सौद्यात मला बुडवणाऱ्याशीही मी दुसऱ्या दिवशी बोलतो. भाऊंशी बोलणं टाकलं. माझं चुकलं असं मी आजही म्हणत नाही.

यंदा त्या रविवारी रायपूरहून फोन आला. "बाबा, मोठेबाबाले सेल दिले का?"

"मागायला आलेच नाहीत."

"तं तुम्ही नेऊन द्या ना."

पोरीशी घासाघीस मला कधी जमली नाही. सेल खिशात घालून गेलो. दार उघडंच होतं. भाऊ लसूण सोलत बसले होते. भिंतीवरची घड्याळं टकटक चालू होती.

"भाऊ, आज थांबासण ना?"

"बंद केला." त्यांनी मान वर केली नाही. "त्या दिवशी दार उघडलं असतं तं पोट्टी जाताना दिसली असती. अन् तशीच राहिली असती, जाताना. मनलं, दार लावून घेतो. दिसली नाई म्हंजे घरीच हाय." त्यांनी सालं गोळा केली. "गाडी सुरू झाल्याचा आवाज आला पण. कान काई दारासारखे लावून घेता येत नाई गा."

वर्षभर मी त्यांना काय काय सुनवायचं ते तयार करून ठेवलं होतं.  पण तोंडातून निघालं ते धंद्याचंच.

"दिवसभर नाही तर नाही. संध्याकाळपर्यंत थांबवा."

"नाई."

"जेवणापर्यंत."

"कोनासाठी थांबवू? ती तिकडं, मी इकडं."

"मी आहे ना इथं बसलेला." हे मी जरा चढ्या आवाजातच म्हणालो. मग शेवटचा भाव सांगितला. "चहा होईपर्यंत."

भाऊंनी पहिल्यांदा माझ्याकडे पाहिलं.  मग गुडघ्यावर हात टेकून उठले, पातेल्यात दोन कप पाणी घेतलं, गॅस पेटवला आणि आच कमी केली.

मी उठून ती आणखी कमी केली.