रकाना रिकामा सोडावा

नऊ वर्षं एकाच जोडीदाराबरोबर बॅडमिंटन दुहेरी खेळणाऱ्या त्या गृहस्थांना सगळे भिंतराव म्हणत, कारण त्यांना चुकवून शटल सहसा पलीकडे जात नसे. जोडीदार डावखुरा, म्हणून तो डावरा. शटल दोघांच्या मध्ये आलं की ज्याला ते घ्यायचं असेल त्याने ‘माझं!’ म्हणून ओरडायचं, एवढाच त्यांच्यातला करार. सरावात दिवसातून दोनशे वेळा तरी ही आरोळी उठे आणि त्यातल्या दीडशे भिंतरावांच्या असत.

अशात खेळाडूंच्या संघटनेला नवे चिटणीस लाभले. आधी ते पाणीपुरवठा खात्यात होते आणि गळती शोधण्यात त्यांचा हातखंडा होता. दुहेरीचा सामना पहिल्यांदाच पाहून ते फार अस्वस्थ झाले. गुण गेला की हे दोघं एकमेकांच्या पाठीवर थाप मारतात आणि पुढे खेळू लागतात. चूक नेमकी कोणाची, हे कोणी लिहूनच ठेवत नाही! आठवड्याच्या आत परिपत्रक निघालं. यापुढे गेलेला प्रत्येक गुण, तो गमावणाऱ्या जोडीपैकी शटलला शेवटची रॅकेट लावणाऱ्या खेळाडूच्या नावावर चूक म्हणून नोंदवण्यात येईल. रॅकेट दोघांपैकी कोणाचीच न लागल्यास रकाना रिकामा सोडावा. राष्ट्रीय संघाची निवड कमीत कमी चुकांनुसार होईल.

पहिल्या महिन्याचा तक्ता लागला. डावऱ्याच्या नावावर सतरा चुका होत्या, भिंतरावांच्या नावावर एकशे बारा. संघातली जागा जाणार हे उघड होतं. भिंतराव तडक चिटणिसांकडे गेले.

“साहेब, ती शटलं मी जिवाच्या आकांताने पळून गाठलीत. दुसरं कोणी तिथे पोचलंही नसतं.”

“मीही तेच म्हणतोय,” चिटणीस प्रेमाने म्हणाले. “कोणी पोचलं नसतं तर चूक झाली असती का? तुम्ही नको तिथे फार जाता.”

भिंतरावांची बायको अठरा वर्षं विमा कचेरीत होती. तक्ता पाहून ती हसलीच.

“अरे, हे तुला आज कळतंय? आमच्याकडे नव्या माणसाला पहिल्याच दिवशी शिकवतात. फायलीला हात लावला की ती आपली झाली. तू हात लावतोसच कशाला?”

भिंतराव शिकले. दुसऱ्या दिवशी जन्मात पहिल्यांदाच त्यांनी दोन पावलांवरचं शटल पडू दिलं. रकाना रिकामा राहिला. डावराही दूधखुळा नव्हता. महिन्याभरात ‘माझं!’ जाऊन ‘तुझं!’ आलं, आणि पुढे तर नऊ वर्षं अरे-तुरे करणारे ते दोघं “आपण घ्या”, “छे छे, आधी आपण” म्हणू लागले. शटल मधोमध पडे आणि दोघंही त्याच्याकडे परक्याच्या पोराकडे पाहावं तसं पाहत.

वर्षअखेरच्या महिन्यात जोडीच्या चुका शून्य होत्या. जिंकलेले सामनेही शून्यच होते, पण तक्त्यात तो रकाना नव्हता. भिंतराव राष्ट्रीय संघाचे कप्तान झाले.

बाकीच्या जोड्या काय डोळे मिटून बसल्या होत्या? टॉस जिंकणारी जोडी सर्व्हिस समोरच्यांच्या गळ्यात घालू लागली, कारण सर्व्हिस करणाऱ्याला शटलला रॅकेट लावण्यावाचून गत्यंतर नसतं, आणि ते जाळ्यात गेलं की चूक त्याच्याच नावावर. मग ती बिचारी जोडी एकवीस-शून्य, एकवीस-शून्य अशी जिंकायची आणि जिंकण्याला रकानाच नसल्याने खाली मान घालून घरी जायची. सामने आठ मिनिटांत उरकू लागले. विजेची बचत झाली म्हणून चिटणिसांचा सत्कार झाला.

तीन वर्षांनी भिंतरावांना पत्र आलं. आणखी एक सामना निर्दोष पार पाडल्यास त्यांना राष्ट्रीय मार्गदर्शक हे तहहयात पगारी पद देण्यात येईल. बायकोने त्यांना दारापर्यंत सोडलं आणि बजावलं, “आज हात खिशातच ठेव.”

टॉस त्यांनीच जिंकला. पहिला गेम एकवीस-शून्यने रीतसर हरून झाला. दुसऱ्यात वीस-शून्य झाले. आता एकच शटल पडू द्यायचं होतं.

शेवटची सर्व्हिस आली ती उंच, मऊ, थेट भिंतरावांच्या नाकासमोर. असं शटल खेळाडूला आयुष्यात चार-दोनदाच मिळतं. भिंतरावांनी बायकोचा चेहरा आठवला, पदाचा पगार आठवला, पण पाय कधीच निघाले होते. “माझं!” असं कोणीतरी ओरडलं. तो आवाज आपलाच आहे हे त्यांना शटल पलीकडे गेल्यावर कळलं.

समोरच्याने दचकून ते परत मारलं. डावऱ्याने झेप घेतली. भिंतराव मागे धावले, कोपऱ्यातून काढलं, पडले, उठले, पुन्हा काढलं. चिटणीस खुर्चीवर उभे राहून “रॅकेट खाली! रॅकेट खाली!” ओरडत होते, पण ते ऐकायला कोणाला फुरसत होती? एकतिसाव्या फटक्याला समोरच्याची रॅकेट तिरपी लागली आणि शटल थेट प्रेक्षकांत गेलं. एक-वीस! डावऱ्याने भिंतरावांना उचलून घेतलं. आता खरं खेळायचं म्हणजे चुका होणारच; पद हातचं गेलं होतं आणि दोघं वेड्यासारखे हसत होते.

सर्व्हिस आता भिंतरावांच्या जोडीची होती. नवं शटल मागितलं तर पंच म्हणाले, “जुनं जमा केल्याशिवाय दुसरं देता येत नाही.” तेव्हा भिंतराव घामाने निथळत कठड्यापाशी आले.

“अहो, तेवढं शटल टाका ना इकडे! आत्ता कुठे खेळ सुरू झालाय.”

शटल तिसऱ्या रांगेत दोन खुर्च्यांच्या मधोमध पडलं होतं. त्यातल्या एका खुर्चीवर तुम्ही होता. तुम्ही शेजारच्या गृहस्थांकडे पाहिलंत, त्यांनी तुमच्याकडे पाहिलं. मग तुम्ही पाय हळूच खुर्चीखाली ओढून घेतलेत आणि जोरजोरात टाळ्या वाजवू लागलात.