गोळीसकट सहा बदाम

"या वर्षी कप आपलाच! लिहून ठेवा!" डॉक्टरांनी जाहीर केलं. समोरच्या पेशंटने घशातून नुसती घरघर केली, कारण त्याच्या तोंडात कापूस, आरसा आणि डॉक्टरांची दोन बोटं होती. दातांच्या डॉक्टरला हा मोठा फायदा असतो. दिवसभर त्याच्याशी कोणी वाद घालू शकत नाही!

वादाची हौस डॉक्टर पत्त्यांच्या, म्हणजे ब्रिजच्या टेबलावर भागवत. बावीस वर्षं ते स्पर्धा खेळत होते. त्यात अकरा वेळा अंतिम फेरी आणि अकराही वेळा दुसरा नंबर. दर वेळी चूक अर्थातच जोडीदाराची! जोडीदार म्हणजे दवाखान्याशेजारचे औषधवाले, अत्यंत गरीब स्वभावाचे. बावीस वर्षं बोलणी खाऊन यंदा ते मुलीकडे कायमचे राहायला गेले. जाताना म्हणाले, "डॉक्टर, आता जरा शांत झोपावं म्हणतो."

नवा जोडीदार शोधायला डॉक्टर निघाले, तर सगळ्यांना अचानक कामं निघाली. कोणाचं घर रंगवायचं होतं, कोणाच्या सासूबाई येणार होत्या. नावं द्यायला दोन दिवस उरले, तेव्हा बायको इस्त्री करता करता म्हणाली, "मी बसते."

"तू? अगं, तू कधी पत्ते हातात तरी धरलेस का?"

"धरले नाहीत, ऐकलेत. बावीस वर्षं, रोज जेवताना. पण एक सांगते. माझ्यावर एकदा जरी ओरडलात, तर पत्ते खाली ठेवून मी सरळ घरी जाईन."

डॉक्टरांनी कबूल केलं. दुसरा इलाज काय होता? पण न ओरडता खेळायचा त्यांना अजिबात सराव नव्हता.

आश्चर्य म्हणजे बायको खेळली, आणि ही जोडी उपांत्य फेरीत पोचली! तिथे मात्र गडबड झाली. ब्रिजमध्ये जोडीदाराला जे सांगायचं ते फक्त बोलीच्या, म्हणजे किती हात करणार हे सांगणाऱ्या कार्डांनी. खाकरायचं नाही, भुवई उडवायची नाही. आणि बरोबर चार वाजता बायकोने पाण्याचा पेला डॉक्टरांपुढे सरकवला. डॉक्टरांनी रक्तदाबाची रोजची गोळी घेतली आणि लगेच मोठी बोली केली!

"इशारा!" प्रतिस्पर्धी ओरडले. "पेला म्हणजे इशारा!"

"अहो, पेला म्हणजे पाणी!" बायको म्हणाली.

पंच पडले नियमाचे पक्के. डॉक्टर तो सामना जिंकले खरे, पण अंतिम फेरीला पंचांनी टेबलाच्या मधोमध लाकडी पडदाच उभा केला. बोलीची कार्डं एका ट्रेमध्ये ठेवायची आणि तो ट्रे पडद्याखालून पलीकडे सरकवायचा. पडद्याच्या अलीकडे डॉक्टर आणि प्रतिस्पर्धी आर्किटेक्टबाई. पलीकडे बायको आणि त्या बाईंचा भाऊ. नवराबायकोला एकमेकांचं नखही दिसेना.

शेवटचा डाव आला. दोन्ही जोड्या अगदी बरोबरीत. हा डाव मारला की कप! पलीकडून ट्रे आला. त्यात बायकोची बोली होती, सहा बदाम! म्हणजे तेरापैकी बारा हात करून दाखवायचे. आणि त्या कार्डाशेजारी एक पांढरी गोळी.

"पंच!" आर्किटेक्टबाई कडाडल्या.

पंचांनी गोळी चष्मा वर करून पाहिली, मग खाली करून पाहिली. "ट्रेमध्ये बोलीखेरीज काहीही ठेवायला मनाई आहे. तीन गुण वजा!"

डॉक्टरांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. ते पडद्यावरून ओरडणार, एवढ्यात आर्किटेक्टबाईंनी कागद पुढे केला. जोडीदाराच्या बोलीचा अर्थ शेजारच्या प्रतिस्पर्ध्याला लिहून द्यायचा, हाही नियमच.

"सहा बदाम समजलं," बाई म्हणाल्या. "गोळीचा अर्थ लिहा."

डॉक्टरांनी घड्याळाकडे पाहिलं. चार वाजले होते. पलीकडे त्यांची बायको आयुष्यातली पहिली अंतिम फेरी खेळत होती, बारा हातांचं ओझं घेऊन, आणि त्यातही तिला चार वाजल्याचं आठवलं होतं. तिच्या डोळ्याच्या ऑपरेशनच्या दिवशी आपण मात्र स्पर्धेला गेलो होतो! डॉक्टरांना स्वतःची फार लाज वाटली, आणि पलीकडच्या बायकोबद्दल फार माया वाटली. त्यांनी लिहिलं, "अर्थ: मी पुष्कळ जगावं असं तिला वाटतं."

आर्किटेक्टबाईंनी कागद वाचला, परत वाचला आणि घडी करून पर्समध्ये ठेवला.

बोली बायकोची, म्हणून खेळणार ती. डॉक्टर डमी! डमीने आपले पत्ते उघडे मांडायचे आणि गप्प बसायचं. पडद्याची खालची झडप उघडली आणि त्यांना बायकोची फक्त बोटं दिसू लागली. त्या बोटांनी हुकूम आधी काढायचे सोडून भलताच पत्ता टाकला! डॉक्टरांनी रुमाल दातात धरला. एक हात गेला. मग मात्र एकामागून एक हात येत गेले. मोजून बारा!

पण डावाचा मिळाला एक गुण, आणि तीन तर आधीच वजा झाले होते ना! दोन गुणांनी कप गेला. बाराव्यांदा दुसरा नंबर.

"हुकूम राखून ठेवायचं तुला कसं सुचलं?" पडदा हटवल्यावर डॉक्टरांनी विचारलं.

"नऊ वर्षांपूर्वी असाच डाव तुम्ही घालवला होतात. तीन दिवस जेवताना तेच चाललं होतं. चूक औषधवाल्यांची, म्हणत होतात."

"माझीच होती," डॉक्टर म्हणाले. हे वाक्य त्यांच्या तोंडून प्रथमच निघालं.

"आणि आत्ताची, गोळीची चूक?"

"कसली चूक? फार सुरेख खेळलीस तू."

बायको लाजली. मग हळूच म्हणाली, "अहो, त्या आर्किटेक्टबाई विचारत होत्या, पुढच्या वर्षी त्यांच्याबरोबर खेळू का म्हणून. भाऊ आळशी आहे म्हणे."

लग्नाच्या वेळीसुद्धा डॉक्टरांनी बायकोला काही विचारलं नव्हतं, ती हो म्हणणार हे गृहीतच धरलं होतं. आता भर हॉलमध्ये, पंच खुर्च्या रचत असताना, त्यांनी घसा साफ केला.

"माझीच जोडीदार राहशील का गं?"

बायकोने त्यांच्याकडे नीट, निरखून पाहिलं. एकतीस वर्षांच्या संसारानंतर ती म्हणाली, "विचार करून सांगते हं."