ज्वालामुखी आणि मटार

"अहो, रागवा ना जरा!" दिग्दर्शिकेने अक्षरशः हात जोडले.

समोरच्या खुर्चीतला माणूस ओशाळून हसला. इंटरनेटवर त्याला 'ज्वालामुखी' म्हणत. बंद खोलीत एकटा बसून तो जग जाळून टाकायच्या गोष्टी लिहायचा. एकटेपणातून माणूस इतका कडवा कसा होतो, यावर तिची डॉक्युमेंटरी होती. चॅनेलवाल्यांनी बजावलं होतं, शेवट अंगावर आला पाहिजे, नाहीतर फिल्म विसरा. आणि आज या पठ्ठ्याने चक्क दाढी केलेली, खिडकी उघडलेली, वर सगळ्यांना चहा!

"ते परवाचं लिहिलेलं तरी वाचून दाखवा."

"काढून टाकलं. आबा म्हणाले, एवढं चिडल्यावर तुला झोप कशी लागते रे?"

"कोण आबा?"

"तुमचे सासरे."

दिग्दर्शिकेच्या डोक्यात आता प्रकाश पडला. मागे एकदा ती फोन घरी विसरली होती. त्याच दिवशी शूटिंग रद्द करायला ज्वालामुखीने फोन केला आणि तो आबांनी उचलला. आबा म्हणजे राँग नंबरवाल्यालाही 'जेवलास का' विचारणारे! त्यांनी लगेच आपला नंबर देऊन टाकला.

तिने घाईघाईने आबांना फोन लावला. "आबा, याला केलंत तरी काय?"

"कुठं काय? तो जगाला शिव्या देत होता, मी मटार सोलत होतो. मटार संपेपर्यंत दमला बिचारा. ठेवतो, कुकर लावलाय."

काय म्हणावं या माणसाला! तज्ज्ञांच्या मुलाखती झाल्या, वर्षभर पायपीट झाली, आणि ज्वालामुखी विझला तो मटार सोलता सोलता! कॅमेरामनचा वासलेला आ मिटेना. तिला तर गहिवरूनच आलं.

"धन्य आहेत आबा," ती म्हणाली. "सावरलं हो तुम्हाला."

"मला?" ज्वालामुखी गोंधळला. "अहो, मीच त्यांना सावरतोय! मुलगा फिरतीवर, सून एकटेपणावर फिल्म करतेय, घरात बोलायला चिटपाखरू नाही. एकट्याला घास उतरत नाही म्हणतात. म्हणून मी फोन चालू ठेवून इथे जेवतो. जरा सरका, तुमच्या दिव्यामागे माझं ताट आहे."

त्याने फोन लावला. "मॅडम, हाच शेवट!" कॅमेरामन कुजबुजला. पण मॅडम एका हाताने चप्पल शोधत होत्या. दुसऱ्या हाताने त्यांनी तो फोन हिसकावून घेतला.

"आबा, मी बोलतेय. थांबा, जेवू नका. मी घरी येतेय."

"आत्ता?" आबा दचकले. "का गं, काय विसरलीस?"