संस्थापकांचा उच्चारदोष

कोणतीही भाषा ती बोलणाऱ्यांमुळे टिकत नाही. ‘तुम्ही ती चुकीची बोलता’ असं सांगणाऱ्यांमुळे टिकते. या दृष्टीने परग्रहभाषा संवर्धन मंडळाचं कार्य थोर आहे.

ही भाषा माझ्या वडिलांनी तयार केली. रेडिओवर आवाज काढणं हे त्यांचं काम: पावलं, दारं, घोड्यांच्या टापा. एका मालिकेत परग्रहवासीयांची स्वारी आली आणि निर्मात्याने सोमवारपर्यंत भाषा मागितली. बाबांनी आत ओढलेली शीळ, पाण्याविना गुळणी, टाळूवर वाजवलेली जीभ आणि अर्धी गिळलेली उचकी एवढ्या भांडवलावर ती उभी केली. मालिका तेरा भागांत आटोपली. भाषा मात्र लोकांनी सोडली नाही.

आज तिचे तीनशे बारा नोंदणीकृत भाषक आहेत. पैकी चाळीस अस्खलित बोलतात, दोघांचं इतरांना कळतं आणि त्या दोघांचं एकमेकांशी पटत नाही. शब्दसंग्रह स्वारीपुरताच असल्याने वाढदिवसाला ‘अजून जिवंत आहेस’ म्हणतात आणि लग्नात ‘कैद्याला इकडे आणा’. (दुसऱ्यावर आजवर कुणी आक्षेप घेतलेला नाही.)

मंडळाचा निःपक्षपातीपणा वाखाणण्यासारखा आहे. गेल्या वर्षी कवळी बसवल्यावर बाबांची शीळ फुसकी झाली, तेव्हा त्यांना उच्चारपरीक्षेत नापास करण्यात आलं. परीक्षक होते खुद्द मंडळाचे अध्यक्ष. कवळीही त्यांनीच बसवली होती. ते दंतवैद्य आहेत.

बाबा गेले. शोकसभेत मी दोन वाक्यं त्यांच्या भाषेत बोलावीत असं ठरलं. मी अध्यक्षांना विचारलं, “काका, ‘बाबा’ला काय म्हणायचं?”

“त्या ग्रहावर बाप नसतो, बेटा. अंडी वाळूत उबतात.”

“मग मी म्हणू काय?”

“‘सेनापती’ म्हण. भारदस्त वाटतं.”

“सेनापती?” आई म्हणाली. “झुरळ दिसलं की स्टुलावर चढायचे हो ते!”

मी नवा शब्द मागितला. अध्यक्षांनी खेदाने सांगितलं, की नवा शब्द फक्त संस्थापकच घडवू शकतात आणि तोही समितीसमोर, स्वमुखाने. संस्थापक सध्या उपस्थित राहू शकत नसल्याने विषय पुढच्या बैठकीवर ढकलावा का, यावर चर्चा झाली.

तेव्हा मी सांगितलं, की बाबा घरी यायचे तेव्हा दाराशी रोज एकच आवाज यायचा: आत ओढलेली बारीक शीळ आणि मागून घशात एक टक. तो ऐकला की मी दार उघडायला धावायचे. बेल त्यांना कधी वाजवावी लागली नाही. माझ्यापुरता तोच त्यांचा शब्द.

साक्ष आईची झाली. “अगं, तीन जिने चढून दम लागायचा त्यांना,” ती म्हणाली. मग स्वतःच पुढे म्हणाली, “पण आवाज तोच.”

समितीने विचारांती निर्णय दिला: ध्वनी संस्थापकांचा आहे, सबब शुद्ध, हेतू सिद्ध न झाल्याने मान्यता तात्पुरती, शोकसभेपुरती.

सभेत मी तो आवाज काढला. आईने दाराकडे पाहिलं. अध्यक्ष उभे राहिले, चष्मा पुसला आणि म्हणाले, “टक जरा लवकर झालं, बेटा. पुन्हा घे.”

मी पुन्हा घेतलं.

या मंडळींना तुम्ही हसणार, हे मला ठाऊक आहे. त्याच आठवड्यात तुम्हीही आमच्याकडे येऊन गेलात. ‘सुटले बिचारे.’ ‘आपल्या हातात काय असतं?’ ‘काही लागलं तर हक्काने सांगा.’ पाठोपाठ, न अडखळता, स्वच्छ मातृभाषेत. उच्चारात एकाचीही चूक नव्हती. शब्द शोधायची पाळी मात्र कुणावर आलेली दिसली नाही.