शेंदरी कड्यावरची कायम जागा

शेंदरी कड्याचा प्रतिध्वनी वयोमानाप्रमाणे निवृत्त झाला आणि त्याच्या रिकाम्या जागेवर पुण्याहून एक शास्त्रज्ञ बाई रुजू झाली.

जुना प्रतिध्वनी मुलीकडे इचलकरंजीला राहायला गेला. जाताना छबूआक्काच्या टपरीवर चहाला थांबला, पण आपणहून बोलला काही नाही. आधी दुसऱ्यानं बोलायचं आणि मग आपण, अशी त्याची जन्माची सवय. आक्का म्हणाली, "नीट जावा." तो म्हणाला, "नीट जावा." आणि एसटीत बसला.

छबूआक्का जंगम कड्यासमोरच्या टोकावर टपरी चालवायची. चहा, भाजलेलं कणीस, दुपारी मागेल त्याला पिठलं-भाकरी. लोक टोकावर यायचे, दरीपलीकडच्या कड्याकडे तोंड करून ओरडायचे, आपलाच आवाज परत आला की हरखायचे आणि मग त्यांना भूक लागायची. मधे जागा रिकामी होती तेव्हा लोक ओरडून नुसते उभे राहायचे. काहीच परत आलं नाही की तोंडं पाडून गाडीत बसायचे. म्हणून नवी बाई येणार कळल्यावर आक्कानं आपल्या घरातली मागची खोली झाडून ठेवली. बाईला बघितलं मात्र आणि तिचा विरस झाला.

"ही व्हय?" ती म्हणाली. "हिचा आवाज तर चुलीपल्याड जायचा न्हाई."

बाईचं नाव डॉक्टर वैजयंती आवटे. चाळिशीला टेकलेली, काडीसारखी अंगानं, चष्मा दोऱ्यानं गळ्यात अडकवलेला. अकरा वर्षं तिनं वटवाघळं कशी ऐकतात याचा अभ्यास केला होता. मग प्रकल्पाचे पैसे संपले. डोंगर खात्याच्या मुलाखतीत तिला विचारलं, "वटवाघळं सोडून आणखी कुणाचं ऐकायचा अनुभव?" ती म्हणाली, "विभागप्रमुखांचं." तिला लगेच घेतलं. सहा महिने काम बघायचं, पसंत पडलं तर कायम.

शास्त्रज्ञांना हल्ली अशा जागा निघत होत्या. वैजयंतीची वनस्पतीशास्त्रातली मैत्रीण विट्याजवळ रस्त्याकडेचं उंबराचं झाड म्हणून लागली होती. पगार बेताचा, पण राहायची सोय तिथंच. पदार्थविज्ञानातला एक जण कोयनेकाठी धुकं झाला होता. त्याला दुपारनंतर सुट्टी असायची, म्हणून सगळे त्याच्यावर जळायचे.

काम तसं सरळ होतं. सकाळी पायवाटेनं दरी ओलांडून कड्यातल्या कपारीत जाऊन बसायचं. पलीकडून आवाज आला की पकडायचा, जरा थांबायचं, आणि ज्याचा त्याला त्याच्याच आवाजात परत करायचा. बाईचा बाईला. म्हाताऱ्याचा म्हाताऱ्याला, खोकल्यासकट. एवढीशी बाई, पण गड्याचा घोगरा आवाज असा काढायची की आक्काच्या हातातलं कणीस करपायचं. दुपारी टोकावर पाटी लागायची: 'प्रतिध्वनी जेवायला गेला आहे.'

संध्याकाळी दोघी एकत्र जेवायच्या. आक्काला इतकी वर्षं एकटं राहून चुलीशी बोलायची सवय होती. आता समोर माणूस आलं, आणि तेही असं, की विचाराल त्याचं खरं उत्तर देणारं. भांडी घासता घासता आक्का भजन म्हणायची. एकदा तिनं विचारलं, "कसं गाती गं मी?"

"बेसूर," वैजयंती म्हणाली. "पण मनापासून."

आक्काला आजवर असं तोंडावर कुणी सांगितलं नव्हतं. आक्काच्या तोंडाला सगळे भ्यायचे. ती दोन दिवस फुगून बसली आणि तिसऱ्या दिवसापासून वैजयंतीच्या भाकरीवर लोणी जास्त घालायला लागली.

आणि इथंच गाडं अडलं. जी खोड आक्काला आवडली, तीच नोकरीत आडवी आली.

एक नवा नवरदेव बायकोचा हात धरून टोकावर उभा राहिला आणि ओरडला, "पूर्वा, मी तुला कधीच सोडणार नाही!" पलीकडून, त्याच्याच आवाजात, परत आलं, "पूर्वा, मी तुला आत्ता तरी सोडणार नाही!" पोरगी रडत गाडीत जाऊन बसली. मग एक प्लॉट विकणारा गिऱ्हाइकांना घेऊन आला. "इथून तळं पाच मिनिटांवर!" तो ओरडला. "इथून तळं तासाभरावर, तेही उतारानं," कडा म्हणाला.

तक्रारी गेल्या. आक्कानं त्या रात्री तिला जेवायला वाढलं आणि समोर बसून झापलं.

"तुला कुणी इचारलं हुतं का? त्याचं हाय ते त्याला परत द्यायचं आन् मोकळं व्हायचं. तू कोण मधे शहाणी?"

"मला माहितीये, आक्का. पण जे खरं नाही ते घशातच अडकतं. मग आपोआप दुरुस्त होऊन बाहेर पडतं."

"मग तिकडं पुण्यातबी असंच करून घालवलीस व्हय नोकरी?"

वैजयंती हसली. "नाही गं. तिथं कुणी खोटं बोलायला लावलं नाही. मी काही फार हुशार नव्हते आणि वाईटही नव्हते. मधलीच. एवढी वर्षं लिहीत राहिले, लिहिलेलं पाठवत राहिले, आणि पलीकडून कधी काही आलं नाही. कुणी चूक म्हणालं नाही की बरोबर म्हणालं नाही." तिनं ताटातली भाकरी उगाच मोडली. "इथं माणूस ओरडतो आणि त्याला लगेच काहीतरी परत मिळतं. मला हे काम आवडतं, आक्का. मला इथंच राहायचंय."

आक्कानं पदरानं नाक पुसलं. धूर होता म्हणून.

आठवड्याभरात खात्याचा निरोप आला. निरीक्षक मोकाशी कायम करण्याबाबत तपासणीला येतील. ते टोकावरून वाक्यं ओरडतील. शब्दशः तेच परत यावं. न आल्यास बाईंना सोलापूर रोडवर मृगजळाच्या जागेवर पाठवण्यात येईल. जागा उन्हाळ्यापुरती.

"मृगजळ?" आक्का म्हणाली. "जवळ गेलं की नाहीसं व्हायचं काम? आन् बाकीचं वरीसभर खायचं काय?" तिनं कंबर बांधली. दुसऱ्या दिवसापासून टपरीवर गर्दी नसली की ती टोकावर उभी राहायची आणि धडधडीत खोटं ओरडायची, वैजयंतीला ते जसंच्या तसं परत द्यायची सवय लागावी म्हणून.

"मी सोळा वर्षांची हाय!"

"मी सोळा वर्षांची... हुते!"

"गिळ ते हुते!" आक्का दरडावायची. "परत! माझ्या चहात नुसतं दूध असतंय!"

"माझ्या चहात नुसतं... नुसतं..." आणि कड्याला ठसका लागायचा.

पण आक्का हट्टाची. खोट्यावर खोटं पाठवत राहिली, आणि हळूहळू ते नीट परत यायला लागलं. नवरदेव ओरडले, "कधीच सोडणार नाही", कडा म्हणाला, "कधीच सोडणार नाही." प्लॉटवाल्याचं तळं पाच मिनिटांवर आलं. कणसं खपायला लागली. आक्कानं हुश्श केलं.

मग एका संध्याकाळी तिनं विचारलं, "भाकरी वाढू?"

"भाकरी वाढू," वैजयंती म्हणाली.

आक्काला वाटलं चेष्टा करतेय. "अगं, हवी का नको?"

"हवी का नको."

आक्का तिच्याकडे बघत राहिली. वैजयंती समोर बसली होती, चष्मा गळ्यात लोंबत होता, आणि चेहऱ्यावर कसलं म्हणून उत्तर नव्हतं. जुना प्रतिध्वनी टपरीवर बसायचा तेव्हा त्याचा चेहरा अगदी असाच असायचा. आक्कानं मुद्दाम घसा साफ केला आणि एक भजन म्हटलं, नेहमीपेक्षा वाईट. "कसं गायले?"

"कसं गायले."

त्या दिवशी आक्काला घास गेला नाही. आपणच पढवलं. पोरगी कायम होईल, मागच्या खोलीत राहील, आणि खोलीत कुणीच नसेल.

मोकाशी साहेब सोमवारी आले. वाळके, नीटनेटके, बुटांवर धूळ बसली की वाकून पुसणारे. चहा नको म्हणाले, तपासणीआधी खात्याचा माणूस काही घेत नाही. टोकावर जाऊन त्यांनी पाय जुळवले.

"हा कडा महाराष्ट्रातला सर्वांत उंच कडा आहे!"

नव्हता. पण जराही न अडखळता तेच परत आलं. साहेबांनी मान हलवली.

"येथील हवा बारमाही थंड असते!"

मे महिना चालू होता आणि साहेबांचा शर्ट पाठीला चिकटला होता. "येथील हवा बारमाही थंड असते," कडा म्हणाला.

"उत्तम," साहेब आक्काला म्हणाले. "आता शेवटचं. मग कायम." आणि हात तोंडाशी धरून, जगातले सगळे लोक डोंगरावर जे ओरडतात ते ओरडले, "कोण आहे तिकडे?"

आक्कानं पदराचं टोक दातात धरलं. तिला काय हवं तिचं तिलाच कळेना. परत आलं तर नोकरी राहील. परत आलं तर पोरगी गेली.

ठरलेला वेळ होऊन गेला. कडा गप होता. साहेबांनी मनगटावरचं घड्याळ बघितलं. दरीतून एक घार वर आली आणि निघून गेली.

मग पलीकडून आवाज आला. साहेबांचा नव्हता. बारीक होता, चुलीपल्याड न जाणारा, तरी दरी ओलांडून आला.

"मी आहे. वैजयंती."

साहेबांचे हात तोंडाशी तसेच राहिले.

"हे नियमात बसत नाही," ते म्हणाले.

आक्का उसळली. "कुणाच्या नियमात? उभ्या नोकरीत तुमी डोंगराडोंगरावर जाऊन इचारताय, कोण हाय, कोण हाय. आज एकीनं सांगितलं तर तुमच्या पोटात दुखाय लागलं व्हय? मग इचारता कशाला? सांगायची सोय न्हाई तर इचारू नगा!"

साहेबांनी ऐकून घेतलं. मग टपरीच्या बाकावर बसले आणि बुटांकडे बघत म्हणाले, "बाई, रागावू नका. मला आजवर कुणी सांगितलं नव्हतं."

आक्का चुलीकडे वळली. तिनं न विचारता चहा त्यांच्यासमोर ठेवला आणि त्यांनी तो न विचारता घेतला. पेला खाली ठेवून ते उठले, परत टोकावर गेले. इकडेतिकडे बघितलं. कुणी नव्हतं. जरा लाजत, पण मोठ्यानं त्यांनी विचारलं, "जेवलात का?"

"नाही अजून," कडा म्हणाला. "तुम्ही?"

"मीही नाही!"

परत येऊन साहेबांनी निर्णय सांगितला, खात्याच्या आवाजात. जागा प्रतिध्वनीचीच राहील. सांगितलेलं जसंच्या तसं परत द्यावं, त्यात दुरुस्ती नको. मात्र कुणी प्रश्न विचारल्यास उत्तर देण्यास हरकत नाही. बाई कायम.

"म्हंजी नवरदेवांचं खोटं खपवायचं," आक्का म्हणाली.

"तेवढं खपवावं लागेल."

"खपवंल. घरी येऊन मला खरं सांगंल." आक्कानं चुलीत लाकूड सारलं, पातेल्यावर झाकण टाकलं आणि टोकावर जाऊन कमरेवर हात ठेवून ओरडली, "वैजे, ये गं वर! साहेब जेवायला थांबल्यात!"

नेहमीएवढाच वेळ गेला.

"आले! पिठलं परत पातळ केलंयस का?"

आक्कानं परत येऊन झाकण उचलून बघितलं. पातळच होतं. तिनं वाटीभर बेसन घेतलं आणि पाण्यात कालवायला बसली.