अकरा मुके नाकतोडे

"एवढं खाऊन गायला काय होतं रे तुम्हाला?" फिटरने अकराव्या डब्यावर काळं फडकं टाकलं आणि सुस्कारा सोडला.

चाळीस वर्षं कारखान्यात यंत्राला कान लावून कोणतं बेअरिंग गेलंय ते सांगणारा हा माणूस. निवृत्तीनंतर घर खायला उठलं, तेव्हा त्याने लांब मिशांचे हिरवे नाकतोडे पाळायला घेतले. ओल्या वाळूत अंडी जपली. एकत्र ठेवले तर एकमेकांनाच खातात, म्हणून प्रत्येकाला वेगळा डबा दिला. हा सगळा खटाटोप का, तर शेवटची कात टाकली की नर अंधार पडल्यावर गातात. अंधार वाटावा म्हणून घातलेल्या फडक्याखाली अकरा नर पंखावर पंख घासत होते, पण आवाजाच्या नावाने शून्य. आपल्या हातून आता काहीच धड होत नाही, असं फिटरच्या मनाने घेतलं. बायकोला सांगावं, तर ती हल्ली हाकेला ओसुद्धा देत नव्हती. उद्या सगळे सोडून द्यायचे, असं त्याने ठरवून टाकलं.

तेवढ्यात वरची शेजारीण वायरमनला घेऊन दारात हजर झाली.

"तुमच्या भिंतीतून करकर येते! आठ दिवस झाले, डोकं उठलंय नुसतं!"

"वायर जळत असेल," वायरमन म्हणाला.

"करकर असती तर मला आधी कळली असती," फिटर गुरकावला. "हे कान आहेत, बटणं नव्हेत."

वायरमनने फ्रिज बंद केला, मग घराचा मेन स्विच, शेवटी अख्ख्या इमारतीचा. लिफ्टमध्ये शेजारणीचाच नवरा अडकला. आभाळ भरलेलं होतं, खोलीत काळोख झाला.

"बघा! थांबली की नाही?" फिटर विजयी मुद्रेने म्हणाला.

शेजारणीने दोन्ही कान दाबून धरले होते. वायरमनने एक फडकं उचललं. "काका, हेच ओरडतायत! हा टिपेचा आवाज तुम्हाला ऐकू येत नाही?"

वीज का गेली ते बघायला बायको बाहेर आली होती. तिने कानातले कापसाचे बोळे काढले, तेव्हा वायरमनने तेच पुन्हा विचारलं.

"अहो, रोज डब्याला कान लावून बसता, मला वाटलं ऐकताय. कारखाना सुटल्यापासून पहिल्यांदाच कशात तरी रमलात, म्हणून बोलले नाही."

"ऐकत नव्हतो गं. वाट बघत होतो."

लिफ्टमधून नवरा दणादण दार ठोकत होता. ते मात्र फिटरला स्वच्छ ऐकू येत होतं.

दहा नाकतोडे बागेत गेले. एक ठेवायला शेजारणीने परवानगी दिली. रोज संध्याकाळी बायको फिटरशेजारी येऊन बसू लागली.

"सुरू झाला."

"कसा गातोय?"

"बारीक. मधेच थांबतो, पुन्हा धरतो."

फिटर मान डोलवायचा. दिवसभरात तेवढाच वेळ त्याचा बरा जायचा.

एका दुपारी नाकतोडा डब्यात उताणा पडलेला दिसला. फिटरने त्याला कुंडीत पुरलं, रिकाम्या डब्यावर फडकं नीट बसवलं आणि बायकोला काहीच सांगितलं नाही.

संध्याकाळी ती येऊन बसली. "आज तर फारच गोड गातोय हो."

फिटरने तिच्याकडे पाहिलं. केसांआडून कापसाचा बोळा डोकावत होता.

"हो का?" म्हणत तो तिच्याजवळ सरकला आणि त्याने डब्याला कान लावला.